सर्वांत मोठा बेडूक : ऐकीव गोष्ट आणि मोजलेले सत्य



शिक्षणसंस्थेच्या स्मरणिकेत बेडकावर लेख पाहून आपणांपैकी काहींना हसू येईल. थोर पुरुषांची चरित्रे, तालीमचे महत्त्व, समाजाची प्रगती असे विषय सोडून हा डबक्यातला प्राणी येथे कशाला, असेही कुणी विचारील. पण घरोघरी मुले आपल्याला जे प्रश्न विचारतात, त्यांतला एक हमखास प्रश्न असतो : "सर्वांत मोठा हत्ती केवढा? सर्वांत मोठा साप केवढा? सर्वांत मोठा बेडूक केवढा?" आपण हात पसरून म्हणतो, "असेल एवढा!" मूल गप्प बसते. पण त्याच्या मनात दुसरा प्रश्न असतो, जो ते भिडेखातर विचारीत नाही : "हे तुम्हांला कसे कळले?"

हा दुसरा प्रश्न पहिल्यापेक्षा मोलाचा आहे. सर्वांत मोठ्या बेडकाचा इतिहास हा या दुसऱ्या प्रश्नाचाच इतिहास आहे. तो बसऱ्यापासून सुरू होतो, लंडन, कॅमेरून आणि मादागास्कर असा फिरतो आणि आपल्या मुंबईत येऊन पोचतो.

जुन्या ग्रंथांतला बेडूक

बेडूक आपल्याला परका नाही. पवित्र कुरआनात, सूरह अल-अअराफमध्ये, हजरत मूसा (अलै.) यांच्या काळी फिरऔनच्या लोकांवर ज्या आपत्ती आल्या त्यांत बेडकांचाही उल्लेख आहे. अबू दाऊद यांच्या हदीस-संग्रहात असे आले आहे की, एका हकिमाने औषधात बेडूक घालण्याविषयी विचारले, तेव्हा पैगंबर (स.) यांनी त्याला मारण्यास मनाई केली. या गोष्टीकडे आपण शेवटी पुन्हा वळणार आहोत.

नवव्या शतकात बसरा शहरी अल-जाहिझ नावाचा मोठा पंडित होऊन गेला. इ. स. ८६८ च्या सुमारास तो वारला. त्याने 'किताब अल-हयवान' हा प्राण्यांवरचा प्रचंड ग्रंथ लिहिला. ग्रीक तत्त्ववेत्ता अॅरिस्टॉटल याचे म्हणणे तो आदराने देतो. पण ते पटले नाही तर तसे सांगायलाही कचरत नाही. खलाशांच्या आणि शिकाऱ्यांच्या गोष्टी तो ऐकतो आणि त्यांतल्या कित्येकांवर शंका घेतो. एवढा चिकित्सक माणूस, तरी बेडकाविषयी त्याने लिहून ठेवले की, खालचा जबडा पाण्यात असल्याशिवाय बेडकाला ओरडताच येत नाही. पुढे चौदाव्या शतकात कैरोच्या अद्-दमीरी याने 'हयात अल-हयवान' हा वर्णानुक्रमे रचलेला प्राणिकोश लिहिला. त्यातही बेडकावर नोंद आहे.

अल-जाहिझचे हे विधान खरे आहे का? विद्यार्थी मित्रांनो, त्यासाठी बसऱ्याला जायला नको. मृगाचा पाऊस पडल्यावर भाताच्या खाचरात जो मोठा पिवळा बेडूक डरावतो, तो बहुधा पाण्यात तरंगतच ओरडतो. त्याला पाहणाऱ्याला अल-जाहिझचे म्हणणे पटेल. पण त्याच रात्री झाडावरचा बेडूक न्हाणीघराच्या कोरड्या भिंतीला चिकटून खुशाल ओरडत असतो. म्हणजे थोर पंडिताने जे लिहिले ते काही बेडकांबाबत दिसते तसे आहे, आणि सर्व बेडकांबाबत मात्र चूक आहे. अल-जाहिझ आज असता तर भिंतीवरचा बेडूक पाहून त्याने स्वतःच ते वाक्य दुरुस्त केले असते. जो दुसऱ्याचे बोलणे तपासतो, त्याचेही बोलणे तपासले जावे, यात त्याचा अपमान नाही.

मोजायचे कसे?

बेडूक मोठा की लहान हे ठरवायचे तर आधी मापाचा नियम ठरला पाहिजे. बेडकाला शेपटी नसते; पण मागचे पाय लांबच लांब असतात. पाय ताणून मोजले तर लहान बेडूकही मोठा दिसतो. म्हणून शास्त्रज्ञ नाकाच्या टोकापासून धडाच्या मागच्या टोकापर्यंतचीच लांबी धरतात. वर्तमानपत्रांत 'दोन-तीन फुटी बेडूक' अशा बातम्या येतात, तेव्हा पाय धरले आहेत की सोडले आहेत हे आधी विचारावे. छायाचित्रात बेडूक पुढे आणि माणूस मागे ठेवला, तर वीतभर बेडूकही वासराएवढा दिसतो. म्हणून छायाचित्र हा पुरावा अपुरा. पट्टी आणि तराजू हा खरा पुरावा.

आपल्याकडच्या मोठ्या बेडकाची, म्हणजे ज्याला इंग्रजीत 'इंडियन बुलफ्रॉग' म्हणतात त्याची, लांबी १६-१७ सेंटीमीटरपर्यंत जाते. कंपासपेटीतली पट्टी १५ सेंटीमीटरची असते. ती पट्टी पुरणार नाही, एवढा तो बेडूक असतो. हे माप मनात धरून पुढे वाचा.

जालूतच्या नावाचा बेडूक

जगातला सर्वांत मोठा जिवंत बेडूक पश्चिम-मध्य आफ्रिकेत, कॅमेरूनच्या नैऋत्य भागात आणि विषुववृत्तीय गिनीच्या मुख्य भूमीवर राहतो. लंडनच्या ब्रिटिश म्युझियममधील प्राणिशास्त्रज्ञ जॉर्ज अल्बर्ट बूलेंजर याने १९०६ मध्ये त्याचे शास्त्रीय वर्णन केले. याच बूलेंजरने १८९० मध्ये हिंदुस्थानातल्या सरपटणाऱ्या आणि उभयचर प्राण्यांवर मोठा ग्रंथ लिहिला होता. त्यामुळे आपला खाचरातला बेडूकही त्याच्या चांगल्या ओळखीचा होता. आफ्रिकेच्या बेडकाला त्याने 'गोलायथ' असे नाव दिले. गोलायथ म्हणजे कुरआनात सूरह अल-बकरामध्ये ज्याची हकीकत येते तो जालूत, हजरत दाऊद (अलै.) यांच्या हातून मारला गेलेला बलाढ्य योद्धा.

हा गोलायथ बेडूक साधारणपणे ३० ते ३२ सेंटीमीटर लांब आणि तीन किलोच्या आसपास भरतो. म्हणजे शाळेतली फूटपट्टी आणि तो बरोबरीचे. गिनीज बुकातील विक्रम कॅमेरूनच्या सानागा नदीत १९८९ मध्ये पकडलेल्या बेडकाचा आहे. त्याची लांबी ३६.८३ सेंटीमीटर आणि वजन ३.६६ किलो भरले. पाय ताणून मोजले तेव्हा हाच बेडूक ८७.६३ सेंटीमीटर झाला. आता कळले ना, पाय धरल्याने आकडा कसा फुगतो!

या राक्षसी प्राण्याच्या काही गोष्टी ऐकण्यासारख्या आहेत. इतर बेडकांच्या नराला गळ्याशी जी आवाजाची फुगणारी पिशवी असते ती याला नाही. त्यामुळे तो डरावत नाही, शीळ घातल्यासारखा आवाज काढतो. तो डबक्यात राहत नाही. खडकांवरून धावणारे स्वच्छ, वेगवान पाणी त्याला लागते. त्याची शेपटीवाली पिल्ले मात्र इतर बेडकांच्या पिल्लांएवढीच असतात. जन्मतःच कुणी गोलायथ नसतो.

कॅमेरूनमधले शिकारी पिढ्यान्‌पिढ्या सांगत की, हा बेडूक आपल्या अंड्यांसाठी घरटे बांधतो. जर्मनी आणि कॅमेरूनमधल्या संशोधकांनी म्पूला नदीच्या काठी जाऊन हे तपासले आणि २०१९ मध्ये आपले निष्कर्ष प्रसिद्ध केले. त्यांना प्रजननाच्या २२ जागा सापडल्या. काही ठिकाणी बेडकांनी खडकातले डबके पाला-पाचोळा काढून साफ केले होते. काही ठिकाणी नदीकाठच्या खडीत स्वतः खळगे खणून कडेला दगडांचा बांध घातला होता. त्यांतले काही दगड दोन किलोपर्यंतचे होते. संशोधकांनी असा तर्क मांडला की, एवढे जड काम करावे लागत असल्यामुळेच हा बेडूक एवढा मोठा होत गेला असावा. शिकाऱ्यांची ऐकीव गोष्ट येथे खरी ठरली. मित्रांनो, ऐकीव गोष्ट म्हटली की ती खोटीच, असा नियम नाही. ती फक्त तपासायची राहिलेली असते.

लहान झालेला 'शैतानी' बेडूक

आता नामशेष झालेल्या बेडकाकडे वळू. मादागास्कर बेटाच्या वायव्य भागात अमेरिकन जीवाश्मतज्ज्ञ डेव्हिड क्रॉस यांच्या पथकाला १९९३ पासून एका विलक्षण बेडकाच्या हाडांचे तुकडे सापडू लागले. हे खडक सुमारे सात कोटी वर्षांपूर्वीचे, म्हणजे डायनोसॉरांच्या अखेरच्या काळातले. संपूर्ण सांगाडा नव्हताच. कवटीचा एक तुकडा इथे, मणका तिथे. पंधरा वर्षे हे तुकडे गोळा होत गेले. लंडनच्या युनिव्हर्सिटी कॉलेजमधील सुसान एव्हन्स व मार्क जोन्स यांनी क्रॉस यांच्यासह ते जुळवले आणि २००८ मध्ये नव्या जातीची घोषणा केली. नाव ठेवले 'बील्झेबुफो अम्पिंगा'. बील्झेबब हे बायबलातले सैतानाचे नाव, बुफो म्हणजे लॅटिनमध्ये भेक, आणि अम्पिंगा म्हणजे मादागास्करच्या भाषेत ढाल. कवटी ढालीसारखी जाड आणि खरबरीत होती.

त्या वेळी शास्त्रज्ञांनी अंदाज केला की, या बेडकाची लांबी ४० सेंटीमीटरच्या पुढे आणि वजन साडेचार किलोपर्यंत असावे. म्हणजे गोलायथही त्याच्यापुढे फिका! जगभरच्या वर्तमानपत्रांनी बातमी उचलली. डायनोसॉरची पिल्ले गिळणारा शैतानी बेडूक, अशी चित्रे छापून आली. लोकांना हवे होते ते मिळाले.

पण ज्यांनी ही घोषणा केली तेच लोक स्वस्थ बसले नाहीत. मादागास्करला पुन्हा खोदकाम झाले, अधिक हाडे मिळाली. डोक्याचे आणि धडाचे प्रमाण आता नीट कळू लागले. पूर्वीचा अंदाज कवटीच्या रुंदीवरून केला होता. आणि या प्राण्याचे डोके धडाच्या मानाने फारच मोठे होते, असे निघाले. २०१४ मध्ये एव्हन्स, जोन्स, क्रॉस आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी नवा लेख प्रसिद्ध केला. त्यानुसार या बेडकाची लांबी सुमारे २३ सेंटीमीटर ठरली. ढोबळ मानाने एक वीत! जगातला सर्वांत मोठा बेडूक एका लेखात निम्म्याच्या जवळपास आला.

पालक बंधूंनो, येथे क्षणभर थांबावे अशी माझी विनंती आहे. आपण लहानपणी पुस्तकात वाचलेली गोष्ट आठवा. बेडकी बैलाएवढी होण्यासाठी फुगत जाते आणि फुटते. इथे उलट घडले. फुगलेला बेडूक शास्त्रज्ञांनीच आपल्या हाताने लहान केला, आणि त्यांची प्रतिष्ठा फुटली नाही, वाढली. सहा वर्षांपूर्वी मिळालेली जगभरची प्रसिद्धी त्यांनी खऱ्या मापासाठी सोडून दिली. आपल्या मुलाने परीक्षेत चुकीचे उत्तर खोडून बरोबर लिहिले, तर आपण त्याला शाबासकी देतो. मग समाजात, सभेत, कुटुंबात चुकीचा आकडा खोडणाऱ्याला आपण शाबासकी देतो का?

इतर मोठे भाऊबंद

गोलायथच्या खालोखाल काही नावे थोडक्यात सांगतो. दक्षिण अमेरिकेतील चिली देशात पाण्यात राहणारा एक प्राचीन घराण्याचा बेडूक आहे. त्याची मादी ३० सेंटीमीटरच्या आसपास वाढू शकते. आफ्रिकेतला 'आफ्रिकन बुलफ्रॉग' २० सेंटीमीटरच्या पुढे जातो. त्याचा नर पिल्लांवर पहारा ठेवतो आणि डबके आटू लागले तर शेजारच्या पाण्यापर्यंत चर खणून त्यांना वाट काढून देतो. बाप असावा तर असा!

खरखरीत कातडीच्या भेकांमध्ये अमेरिकेतला 'केन टोड' मोठा. २०२३ च्या जानेवारीत ऑस्ट्रेलियातील क्वीन्सलँडमध्ये २.७ किलोचा भेक सापडला. पण ऑस्ट्रेलिया हे त्याचे घर नव्हे. उसावरचे भुंगेरे खाईल म्हणून १९३५ मध्ये सुमारे शंभर भेक हवाई बेटांवरून तेथे नेले. भुंगेरे राहिले बाजूलाच. भेक मात्र हजारो मैल पसरले आणि त्यांच्या विषाने तेथले मूळचे प्राणी मरू लागले. आधी प्रयोग करून न पाहता केलेल्या उपायाची ही किंमत.

मोठेपणाची शिक्षा

मोठ्या बेडकाचा शत्रू त्याचा मोठेपणाच आहे. मांस भरपूर, म्हणून माणूस त्याच्या मागे लागतो. कॅमेरूनमध्ये गोलायथ खाण्यासाठी पकडला जातो. त्यातच जंगले तुटतात, नद्या गढूळ होतात. २००४ पासून आंतरराष्ट्रीय निसर्गसंवर्धन संघाच्या यादीत तो 'संकटग्रस्त' म्हणून नोंदलेला आहे. वेस्ट इंडीजमधल्या डॉमिनिका आणि माँटसेराट बेटांवरचा मोठा बेडूक इतका खाल्ला जाई की, त्याचे नावच 'डोंगरी कोंबडी' पडले. २००२ च्या सुमारास कायट्रिड नावाच्या बुरशीचा रोग डॉमिनिकात पोचला आणि काही वर्षांत तो बेडूक नाहीसा होण्याच्या काठावर आला. २०२३ मध्ये प्रसिद्ध झालेल्या जागतिक पाहणीनुसार उभयचर प्राण्यांच्या १०० पैकी सुमारे ४१ जाती धोक्यात आहेत.

आणि आपल्याकडे काय घडले? १९५० नंतरच्या काळात हिंदुस्थानातून बेडकांच्या मागच्या तंगड्या गोठवून युरोप-अमेरिकेला जाऊ लागल्या. १९८१ च्या सुमारास हा व्यापार वर्षाला ४,००० टनांच्या वर गेला. त्या फक्त तंगड्या. बाकीचा बेडूक फेकून दिलेला. पावसाळ्याच्या पहिल्या रात्री, नर-मादी पाण्यावर जमतात नेमक्या तेव्हाच, कंदील आणि पोती घेऊन लोक बाहेर पडत. मोठ्या तंगडीला भाव जास्त, म्हणून मोठा बेडूक आधी पोत्यात जाई.

या व्यापाराविरुद्ध ज्यांनी आवाज उठवला त्यांत एक नाव आपल्या मुलांना माहीत असलेच पाहिजे : हुमायून अब्दुलअली. ते मुंबईचे, पक्षितज्ज्ञ डॉ. सलीम अली यांचे नातलग. १९१४ मध्ये जन्मले, २००१ मध्ये वारले. व्यवसाय व्यापाराचा, पण आयुष्य बाँबे नॅचरल हिस्टरी सोसायटीच्या कामात गेले. अनेक वर्षे ते तिचे मानद सचिव होते. १९५१ च्या मुंबई राज्याच्या वन्य पशु-पक्षी संरक्षण कायद्यामागेही त्यांची मेहनत होती. बेडकांच्या निर्यातीचा त्यांनी अभ्यास केला आणि १९८५ मध्ये सोसायटीच्या नियतकालिकात त्यावर लेख लिहिला. बेडूक शेतातले किडे खातो. तो विकून परकीय चलन मिळवायचे आणि किडे मारायला औषधे विकत घ्यायची, हा कुठला हिशोब, असा तो वाद होता. त्याच वर्षी आपल्या मोठ्या बेडकाचे नाव आंतरराष्ट्रीय व्यापारावर निर्बंध घालणाऱ्या यादीत आले, आणि १९८७ मध्ये भारत सरकारने बेडकांच्या तंगड्यांची निर्यात बंद केली. व्यापार पुढे बांगलादेश आणि इंडोनेशियाकडे वळला, हे खरे. गोव्यात 'जंपिंग चिकन' या नावाने पावसाळ्यात बेडूक मारले जातात, हेही कायद्याने मनाई असूनही पुरते थांबलेले नाही. तरीपण आपल्या खाचरांतून तो पिवळा बेडूक आजही ओरडतो, यात त्या बंदीचा वाटा आहे.

आता ती हदीस पुन्हा आठवा. एक हकीम, एक औषध, एक बेडूक, आणि त्याला मारू नका हा आदेश. त्या आदेशामागचे सारे हेतू सांगण्याचा अधिकार उलमांचा. तो माझा नाही. पण जो समाज ही हदीस ऐकत आला, त्याच समाजातला एक माणूस मुंबईत बसून बेडकांच्या निर्यातीचा हिशोब मांडतो आणि सरकारला निर्णय घ्यायला भाग पाडणाऱ्यांत उभा राहतो, ही गोष्ट आपल्या मुलांना सांगण्याजोगी खचित आहे.

शेवटी

विद्यार्थी मित्रांनो, 'कूपमंडूक' हा शब्द तुम्ही शिव्यांसारखा वापरता. विहिरीतल्या बेडकाला विहीर म्हणजेच जग वाटते म्हणून आपण त्याला हसतो. पण विहिरीबाहेर पडण्याची वाट कुठली? परदेशी गेलेल्यांतही कूपमंडूक पुष्कळ असतात. वाट एकच : ऐकलेले तपासणे. येत्या पावसाळ्यात घरामागच्या डबक्यापाशी जा. बेडकाला हात न लावता, दगड न मारता, तो बसला होता तिथली जागा पट्टीने मोजा. तारीख, वेळ, पाऊस किती, आवाज पाण्यातून आला की भिंतीवरून, हे वहीत लिहा. चार पावसाळे अशी वही ठेवली, तर तुमच्या गावाच्या बेडकांविषयी तुम्हांला जे कळेल ते कुठल्याही ग्रंथात सापडणार नाही.

आणि पालक बंधु-भगिनींनो, मूल जेव्हा विचारील, "हे तुम्हांला कसे कळले?" तेव्हा त्याला उद्धट म्हणून गप्प करू नका. माहीत असेल तर सांगा. नसेल तर त्याच्याबरोबर शोधा. मुलगा असो वा मुलगी, हा प्रश्न विचारण्याची सवय ज्याला लागली, तो उद्या औषधाच्या बाटलीवरचा आकडा, कर्जाच्या कागदावरचा आकडा आणि भाषणातला आकडाही तपासून पाहील. अशी मुले आपल्या संस्थेतून बाहेर पडोत, हीच अल्लाहपाशी दुआ.